खून एकाचा होतो, मग अख्खं गाव का गप्प होतं?

पुण्या-मुंबईत एखाद्या सोसायटीत खून झाला, तर वरच्या मजल्यावरच्या माणसाला तो बहुतेक वेळा बातमीतूनच कळतो. मेलेल्याचं नाव त्याला ठाऊक नसतं, मारणाऱ्याचं तर नसतंच. दोन-चार दिवस लिफ्टमध्ये कुजबुज चालते आणि मग पार्किंगचं भांडण पुन्हा सुरू होतं. तेच मराठवाड्यात, केज किंवा औशाच्या बाजूच्या तीनशे उंबऱ्यांच्या गावात घडलं, तर तिथं अनोळखी असा कोणी नसतोच. मेलेला कोणाचा चुलतभाऊ, कोणाचा साडू, कोणाच्या बांधाला बांध लागून असलेला. ज्याच्यावर आरोप आहे तोही असाच कोणाकोणाचा तरी. पंचनाम्यावर पंच म्हणून सही करणारा दोघांच्याही लग्नात वाढायला उभा होता. ज्या पोलीस पाटलानं ठाण्यात फोन लावायचा, त्याची बहीण आरोपीच्या भावकीत दिलेली असू शकते.

बाहेरून येणाऱ्या कॅमेऱ्यांना, आणि खरं सांगायचं तर मोर्चे घेऊन येणाऱ्या पुढाऱ्यांनाही, अशा गावात पहिल्यांदा दिसतात ती गप्प बसलेली माणसं. विचारावं तो सांगतो, "मी तवा रानात होतो." मग 'गाव भित्रं आहे', 'गाव विकलं गेलंय' असे शेरे मारून पाहुणे परत जातात. मला हे शेरे उथळ वाटतात. त्या गप्प बसण्यामागं एक हिशेब असतो. तो समजून घेतला तर अचानक झालेल्या हिंसेनं लहान गावाचं नेमकं काय होतं, हे बरंचसं उलगडतं.

कागदावर नसलेलं नुकसान

लहान गाव ज्या व्यवहारांवर चालतं, त्यातले निम्मे कुठंच लिहिलेले नसतात. खुरपणी वारंगुळ्यानं होते: आज तुझ्या रानात आम्ही, परवा आमच्या रानात तुम्ही. सामाईक विहिरीवरच्या पाण्याच्या पाळ्या बापजाद्यांनी तोंडी ठरवलेल्या. कोणाच्या बांधावरून कोणाची बैलगाडी जाणार, हे सातबाऱ्यावर नसतं. दुकानातली उधारी वहीत असते खरी, पण ती 'सुगीला देतो' या शब्दावर चालते.

हे सगळं किती नाजूक असतं, ते डीपीवरून, म्हणजे रानातल्या विजेच्या ट्रान्सफॉर्मरवरून बघा. हरभऱ्याचे घाटे भरायच्या वेळेला डीपी जळतो. एका डीपीवर दहा-पंधरा मोटारी. एरवी संध्याकाळी कोणीतरी गाडीला किक मारतं, दर मोटारीमागं ठरलेले पैसे गोळा करतं, दोघं-तिघं टेम्पो लावून जळका डीपी तालुक्याला नेतात आणि हात जोडून, चहा पाजून दुसरा घेऊन येतात. आता या पंधरा जणांत मेलेल्याचे दोन चुलते आहेत आणि आरोपीचा सासरा आहे. पैसे मागायला कोणी जायचं? सासऱ्याच्या दारात गेलं तर इकडचे म्हणणार, "त्याच्या वसरीवर बसून चहा पेत होता." चुलत्यांकडं गेलं तर ते विचारणार, "त्याचेबी पैसे घेतले का?" टेम्पोत कोण कोणाशेजारी बसणार? डीपी तसाच राहतो आणि हरभरा वाळतो. खुनाशी ज्यांचा काडीचा संबंध नाही, त्यांचाही वाळतो. एफआयआरमध्ये या नुकसानीला रकाना नसतो, तलाठ्याच्या पंचनाम्यातही नसतो.

अमेरिकेतले समाजशास्त्रज्ञ काई एरिक्सन यांनी या प्रकारच्या नुकसानीचा खोलात जाऊन अभ्यास केला. वेस्ट व्हर्जिनिया राज्यात २६ फेब्रुवारी १९७२ रोजी कोळसा खाणीच्या गाळाचा बांध फुटला आणि बफेलो क्रीक नावाच्या खोऱ्यातल्या खाणकामगारांच्या वस्त्या वाहून गेल्या. १२५ माणसं मेली. वाचलेल्यांशी बोलताना एरिक्सन यांना दोन वेगळ्या जखमा दिसल्या. एक प्रत्येक माणसाच्या मनाला झालेली. दुसरी माणसामाणसांमधल्या धाग्यांना झालेली. तिला त्यांनी सामूहिक आघात म्हटलं. ही दुसरी जखम हळू उतरते आणि पुष्कळदा झालेली कळतही नाही. बाजेचं एक सुंभ तुटलं की बाकीचे पीळ आपापल्या जागी दिसतात, पण कोणी बसलं की सगळी बाज खाली जाते. गावाचं तसंच होतं. घरं जागेवर, शाळा जागेवर, पारही जागेवर. आणि तरी नेहमीचं साधं काम पुढं सरकत नाही.

भूकंपाला भावकी नसते

मराठवाड्याला अचानक कोसळलेलं मोठं दुःख माहीत आहे. ३० सप्टेंबर १९९३. गणपती विसर्जन करून माणसं झोपली होती, पहाटे चारच्या सुमाराला किल्लारी-सास्तूरच्या पट्ट्यात जमीन हलली आणि दगड-मातीच्या जाड भिंतींखाली हजारो माणसं गेली. दुःखाच्या आकारानं पाहिलं तर एका खुनाची त्याच्याशी तुलनाच होऊ शकत नाही. पण एका बाबतीत ही तुलना करावीच लागते. भूकंपानंतर ढिगारे उपसताना कोणी कोणाला 'तू कोणाच्या बाजूचा' असं विचारलं नाही. दोष द्यायला समोर माणूसच नव्हता. दुःख सगळ्यांचं एकच होतं, म्हणून ते एकमेकांपाशी बोलता येत होतं.

माणसाच्या हातून झालेल्या हिंसेत हीच सोय नसते. जिथं रडायचं, त्याच गल्लीत मारणाऱ्याचं घर असतं. मेलेल्याच्या आईला भेटायला जाणारी बाई आरोपीच्या आईचीही मावसबहीण लागत असते, आणि दोन्ही घरी जावं तर दोन्हीकडं पडतं घ्यावं लागतं. म्हणून ती कुठंच जात नाही. मग दोन्ही घरी हेच म्हटलं जातं, की ती सुद्धा आली नाही. आपत्तीनंतर समाज कसे सावरतात याचा अभ्यास करणारे बरेच जण हा फरक मांडतात: निसर्गाचा घाव माणसांना निदान काही काळ जवळ आणतो, माणसाचा घाव पहिल्या दिवसापासून फाकवतो.

किल्लारीचा आणखी एक धडा आहे, आणि तो मदत करणाऱ्यांसाठी आहे. ५२ गावं नव्या जागी पूर्णपणे वसवली गेली. घरं मजबूत झाली, जमिनीच्या मापानं २५०, ४५० आणि ७५० चौरस फुटांची वाटली गेली, रस्ते रुंद आखले गेले. पण वाड्याला वाडा लागून असलेली बोळं गेली, आणि बोळात बसून होणारं बोलणंही गेलं. तिकडं बफेलो क्रीकमध्येही वाचलेल्यांना तात्पुरत्या घरांच्या छावण्यांत ठेवताना शेजार सांभाळला गेला नव्हता. एरिक्सन यांच्या मते तो लोकांना बसलेला दुसरा धक्का होता. हिंसेनंतर 'सुरक्षेसाठी' एखाद्या कुटुंबाला घाईघाईनं गावाबाहेर हलवायचं ठरतं तेव्हा हे लक्षात ठेवायला हवं. कधीकधी हलवावंच लागतं. पण ते कुटुंब जीव वाचवताना शेजारही गमावतं, आणि त्याची भरपाई चेकनं होत नाही.

अंगात काय होतं

पहिले काही दिवस माणसं सुन्न असतात. झोप येत नाही, आली तर दचकून मोडते. फटाका वाजला, कोणी दार जोरात लावलं, बुलेटचा आवाज आला की काळजाचं पाणी होतं. जेवण जात नाही. प्रसंग डोळ्यांपुढून हटत नाही, किंवा उलट, काही आठवतच नाही. हे वेडाचं लक्षण नाही. धोका टळल्यावरही शरीर काही काळ पहाऱ्यावर राहतं, एवढाच त्याचा अर्थ. बहुतेकांचं हे काही आठवड्यांत आपोआप उतरतं. महिना उलटल्यावरही त्रास तसाच राहिला, माणूस ती वाट, ती जागा, तो विषय टाळत राहिला आणि त्याचं रोजचं काम अडायला लागलं, तर डॉक्टर त्याला आघातोत्तर तणावाचा आजार म्हणतात. वैद्यकशास्त्रानं या आजाराला स्वतंत्र नाव १९८० मध्ये दिलं. त्यावर उपचार आहेत आणि त्यांचा गुण येतो.

गावाकडं मात्र हा त्रास या नावानं दवाखान्यात येतच नाही. तो 'छातीत धडधड', 'अंग जड', 'डोकं भणभणतंय', 'पित्त झालंय' असा येतो. प्राथमिक आरोग्य केंद्रातून गोळी मिळते, गुण येत नाही, मग कोणी म्हणतं बाहेरचं झालं असेल. यात माणसांना हसण्यासारखं काही नाही. मन दुखतं हे सांगायला बाईला गावात जागाच नसते. पोट दुखतं हे सांगायला असते.

मुलांचं निराळं. सहा-सात वर्षांचं पोर पुन्हा अंथरुणात लघवी करायला लागतं, आईचा पदर सोडत नाही, नाहीतर खेळात तोच प्रसंग पुन्हा पुन्हा उभा करतं: एक पोलीस, एक मेलेला, बाकीचे पळणारे. मोठी माणसं ओरडतात, "हा काय अभद्र खेळ!" खरं तर ते पोर कळलेलं आणि न कळलेलं जुळवून बघत असतं. त्याला रागावण्यापेक्षा शेजारी बसून, जे झालं ते त्याच्या वयाला पेलेल इतकंच, पण खरं सांगावं. खोटं सांगितलं तर शाळेतली दुसरी पोरं दुपारच्या सुट्टीत खरं सांगतातच, वर मीठमसाला लावून.

आणि शाळेत सगळ्यात अवघड गोष्ट शिक्षकाच्या वाट्याला येते. जिल्हा परिषदेच्या दोनशिक्षकी शाळेत चौथीच्या वर्गात मेलेल्याची मुलगी आणि आरोपीचा मुलगा एकाच सतरंजीवर बसतात. दोघं कालपर्यंत एकाच डब्यातलं खायचे. आज एकाच्या घरून सांगून पाठवलंय, "तिच्याजवळ बसू नको." यावर कुठलंही परिपत्रक नसतं. जे शिक्षक दोघांनाही आधीच्याच जागी बसवतात आणि कवायत, पाढे, खिचडी सगळं ठरल्या वेळेला सुरू ठेवतात, ते नकळत फार मोठं काम करत असतात. घाबरलेल्या मुलाला सगळ्यात जास्त धीर रोजच्या क्रमानं येतो.

आता बघण्याबद्दल. पूर्वी प्रसंग तिथं हजर असणाऱ्यालाच दिसायचा. आता तो मोबाईलवर येतो आणि पुन्हा पुन्हा येतो. केज तालुक्यातल्या मस्साजोगच्या सरपंचांचं ९ डिसेंबर २०२४ रोजी अपहरण करून खून झाला. त्या प्रकरणाच्या आरोपपत्रातले फोटो मार्च २०२५ मध्ये बाहेर आले आणि राज्यभर फिरले. त्यानं लोकांचा संताप उसळला, राजकारण हललं, हे खरं. पण त्या घरातल्या आणि त्या गावातल्या माणसांना ते फोटो कुठल्याही ग्रुपवर, कुठल्याही क्षणी समोर येऊ शकत होते. निषेध म्हणूनसुद्धा असा फोटो पुढं ढकलू नये, असं माझं स्पष्ट मत आहे. गावच्या ग्रुपवर तर नाहीच.

साक्षीदाराचा हिशेब

आता त्या 'मी रानात होतो'कडं वळू. ज्यानं पाहिलं त्याच्यापुढं काय मांडलेलं असतं? साक्ष दिली तर उद्याही त्याला त्याच वाटेनं रानात जायचंय, पहाटे पाण्याची पाळी असली की एकट्यानं. कडब्याची गंजी उघड्यावर आहे. मुलीचं स्थळ ज्या गावात बघतोय, तिथं आरोपीची सोयरीक आहे. खटला उभा राहायला वर्षं लागणार. तोवर पोलिसांची बदली होईल, पुढाऱ्यांना दुसरा विषय मिळेल, कॅमेरे तर पंधरवड्यातच जातील. राहणार तो आणि आरोपीची भावकी. शहरातल्या साक्षीदाराला घर बदलता येतं. याची चार एकर जमीन उचलून नेता येत नाही.

त्यातून मराठवाड्याचा स्वतःचा एक पेच आहे. दिवाळी सरली की बीड आणि आसपासच्या तालुक्यांतून ऊसतोडीच्या टोळ्या निघतात. नवरा-बायको मिळून एक कोयता, मुकादमाकडून उचल घेतलेली, आता एप्रिलपर्यंत मुक्काम सांगली-कोल्हापूरकडं नाहीतर कर्नाटकात. ज्यानं पाहिलं तो याच टोळीत गेला तर समन्स कुलूप लावलेल्या दाराशी येऊन परत जातं. तारीख पुढं पडते. कधी हा योगायोग असतो, कधी त्यानं मुद्दाम लांबचा कारखाना निवडलेला असतो, आणि मला त्याला दोष देववत नाही.

कायद्यात यावर उपाय आहेत, फक्त ते गावापर्यंत पोचलेले नसतात. १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १८३ खाली साक्षीदाराचा जबाब थेट मॅजिस्ट्रेटसमोर नोंदवता येतो. पूर्वी हेच कलम १६४ होतं आणि जुने वकील अजून त्याच आकड्यानं बोलतात. घटना ताजी असताना आणि गावातून दबाव यायच्या आधी हा जबाब झाला, तर पुढं साक्षीदार फिरवणं अवघड जातं. दुसरा उपाय साक्षीदार संरक्षण योजना, २०१८. सर्वोच्च न्यायालयानं ५ डिसेंबर २०१८ रोजी तिला मान्यता दिली. जिल्हा न्यायाधीशांच्या अध्यक्षतेखालच्या समितीकडं अर्ज करायचा, पोलीस उपअधीक्षक दर्जाचा अधिकारी धोका किती आहे याचा अहवाल देतो, आणि त्यावरून कोर्टात नेण्या-आणण्याला पोलीस सोबत, घराजवळ गस्त, कॅमेरा, आरोपीशी समोरासमोर गाठ पडू न देणं असं संरक्षण मिळू शकतं. ते एका वेळी तीन महिन्यांपर्यंत दिलं जातं, मग धोका पुन्हा तपासतात. खटल्याच्या लांबीपुढं तीन महिने म्हणजे काहीच नाही, हे उघड आहे. तरी मागितलंच नाही तर तेही मिळत नाही.

आणि 'आपसात मिटवून घ्या' म्हणणाऱ्यांसाठी एक गोष्ट स्वच्छ सांगायला हवी. तंटामुक्तीची मोहीम २००७ मध्ये राज्यभर सुरू झाली आणि बांधाचे, वाटणीचे कितीतरी वाद तिनं गावातच मिटवले. पण खून हा आपसात मिटवता येणारा गुन्हाच नाही. दोन्ही घरांनी स्टॅम्प पेपरवर सह्या केल्या तरी खटला सरकारचा असतो आणि तो चालतो. पारावर बसून केलेली तडजोड फक्त एकच काम करते: साक्षीदाराला 'गावानं मिटवलंय, तू कशाला मधी पडतो' असं म्हणायला जागा तयार करते.

माणसाकडून आडनावाकडं

दोन माणसांतलं भांडण दोन आडनावांचं कसं होतं, हे या भागात राहणाऱ्याला समजावून सांगावं लागत नाही. कारण बहुधा अगदी फुटकळ असतं: पाणी, बांध, पैसा, निवडणूक, पोरीवरून संशय, खंडणी. पण घटना झाल्यावर दोन-तीन दिवसांत कारण मागं पडतं आणि 'ते' आणि 'आपण' पुढं येतात. यामागं मनाची एक साधी चाल आहे. ओळखीच्या माणसानं असं केलं हे पचत नाही. तो 'त्यांच्यातला' होता असं म्हटलं की पचतं. आपला रोजचा उठण्या-बसण्यातला माणूस अचानक नमुना होऊन जातो. गावच्या ग्रुपवर स्टेटस बदलतात, ॲडमिन 'फक्त ॲडमिन लिहू शकतात' ही सोय चालू करतो, मग दोन नवे ग्रुप निघतात आणि दोन्हींत एकमेकांबद्दलच्या अफवा बिनबोभाट चालतात. किराणा दुकानाची गिऱ्हाइकं वाटली जातात. दाढी करायला माणसं तालुक्याला जायला लागतात.

बीडमध्ये हे कुठवर गेलं त्याची एक छोटी खूण म्हणजे पोलिसांच्या पाट्या. २०२५ मध्ये बीड पोलीस दलानं नावाच्या पट्टीवर आडनाव न लावता फक्त पहिलं नाव लावायचं ठरवलं, म्हणजे तक्रार घेऊन आलेल्या माणसानं समोरच्या अधिकाऱ्याची जात वाचत बसू नये. उपाय पाटीपुरताच आहे, हे कबूल. पण रोग कुठला आहे याचं निदान त्यात अचूक आहे.

ही फाळणी किती टिकते? इथल्या माणसाला उत्तर ठाऊक आहे. २७ जुलै १९७८ रोजी मराठवाडा विद्यापीठाला डॉ. आंबेडकरांचं नाव देण्याचा, नामांतराचा ठराव विधिमंडळात झाला आणि मराठवाडाभर दलित वस्त्यांवर हल्ले झाले, घरं जळाली, कितीतरी कुटुंबांनी गाव सोडलं ते कायमचं. नामविस्तार झाला १४ जानेवारी १९९४ ला, म्हणजे साडेपंधरा वर्षांनी. आजही काही गावांत कोणत्या घरानं तेव्हा दार उघडून आत घेतलं आणि कोणी कडी लावून घेतली, हे नातवंडांना माहीत असतं. त्याआधीचं निजामाच्या काळातल्या रझाकारांचं आणि हैदराबाद संस्थान भारतात आणणाऱ्या सप्टेंबर १९४८ च्या पोलीस ॲक्शनचंही तसंच. म्हातारी माणसं परवापरवापर्यंत जन्मसालं त्यावरूनच सांगायची: "रझाकारात मी रांगत होतो." त्या धुमाळीत कोणावर काय गुदरलं हे हिंदू आणि मुसलमान अशा दोन्ही समाजांनी आपापल्या घरांत वेगवेगळं जपून ठेवलं, एकत्र बसून ते बोललं गेलंय असं मी फार कमी गावांत पाहिलं.

आरोपीचं घर

याबद्दल लिहिलं की लोक रागावतात, म्हणून थोडक्यात लिहितो. आरोपी तुरुंगात असतो, पण त्याची आई, बायको, पोरं गावातच असतात. त्यांना नळावर रांगेत मागं ढकललं जातं, गिरणीवाला त्यांचं दळण 'लाईट नाही' म्हणून परत करतो, पोराला कोणी खेळायला घेत नाही. गुन्ह्यात त्यांचा हात असेल तर पोलीस आहेत. नसेल तर हा बहिष्कारच आहे, आणि महाराष्ट्रात सामाजिक बहिष्काराविरुद्धचा २०१६ चा कायदा २०१७ पासून लागू आहे. तीन वर्षांपर्यंत कैद, एक लाखापर्यंत दंड किंवा दोन्ही होऊ शकतं. कायदा बाजूला ठेवला तरी व्यवहाराची गोष्ट आहे. त्या घरातला दहा वर्षांचा मुलगा पुढं पंचविशीचा होणार आहे, आणि याच गावात.

तेराव्यानंतर

पहिले तेरा दिवस घर भरलेलं असतं. मंडप असतो, पुढारी येतात, सांत्वनाचे फोटो निघतात, कोणी पोरांच्या शिक्षणाची जबाबदारी जाहीर करतं. चौदाव्या दिवशी मंडपवाला बांबू काढून नेतो. इथून पुढचे सहा महिने सगळ्यात वाईट जातात, हे आपत्तीनंतर काम करणाऱ्यांना चांगलं माहीत आहे. सुरुवातीची एकजूट ओसरते आणि मदतीवरून कुरबुर सुरू होते. "त्यांना एवढं मिळालं, आमच्या वेळेला कोण आलं होतं?" हे वाक्य तेव्हाच कानावर येतं. जाहीर झालेल्या पैशापेक्षा हातात आलेला पैसा कमी असतो, पण गावात चर्चा जाहीर आकड्याचीच होते.

मदत करायची तर ती या काळात. पहिल्या दिवसांत जागतिक आरोग्य संघटनेनं २०११ मध्ये सांगितलेला मानसिक प्रथमोपचाराचा मार्ग पुरेसा असतो: पाहा, ऐका, जोडून द्या. म्हणजे कोणाला काय लागतंय ते पाहायचं, बोलला तर ऐकायचं, आणि डॉक्टर, वकील, नातेवाईक, रेशन, जे हवं तिथवर पोचवायचं. 'मन मोकळं कर' म्हणून त्याच आठवड्यात सगळा प्रसंग वदवून घ्यायचा नाही. अशी एका बैठकीतली उजळणी पुढचा आजार टाळत नाही, हे अभ्यासांत दिसून आलंय, आणि काहींना तिनं त्रासच वाढतो. महिन्या-दोन महिन्यांनी ज्याचं अडलेलंच आहे त्याला जिल्हा रुग्णालयातल्या मानसोपचार विभागात न्यावं, किंवा १४४१६ या टेली-मानस क्रमांकावर फोन लावून द्यावा. तो मोफत आहे, चोवीस तास चालू असतो आणि मराठीत बोलता येतं. दंडाधिकाऱ्यापासून दवाखान्यापर्यंत सगळीकडं सोबत जाणारा एक माणूस गावानं ठरवला तर निम्मं ओझं हलकं होतं.

गाव म्हणून सावरायला भाषणांपेक्षा नेहमीचे सण-उत्सव जास्त उपयोगी पडतात, पण त्यातही मेख आहे. लातूर-धाराशिवकडची येळवस घ्या. त्या अमावास्येला सगळं गाव रानात जातं, कडब्याच्या कोपीत पूजा होते, भज्जी, उंडे, आंबील असा बेत असतो, आणि रीत अशी की वाटेनं जाणाऱ्यालाही हाक मारून जेवायला बसवायचं. खून झालेल्या वर्षी ही हाक कोण कोणाला मारतं, यावर सगळ्यांचे डोळे असतात. पहिल्या वर्षी मेलेल्याच्या घरचे कोप करत नाहीत, ते ठीकच. बाकीच्यांनी ती केली आणि कोणी एकानं दोन्हीकडच्या पोरांना एका पंगतीला बसवलं, तर ती बातमी संध्याकाळपर्यंत गावभर होते. सप्ताहाचंही तसंच: वीणा कोण धरणार, काल्याच्या पंगतीला कोण वाढणार, एवढ्यावरून गाव कुठवर आलंय ते कळतं. मात्र हे वरून लादून होत नाही. 'एकोप्याचा कार्यक्रम' म्हणून बॅनर लावला की दोन्ही घरं त्या दिवशी परगावी जातात.

शेवटी एक दिवस जो येणारच असतो, तो आधी कोणी सांगत नाही: आरोपी जामिनावर सुटून येतो. सकाळी हॉटेलात तो चहा पिताना दिसतो आणि गाव पुन्हा पहिल्या दिवसावर जातं. 'सुटला' म्हणजे निर्दोष ठरला असं नाही, खटला चालूच असतो, हे घरच्यांना कोणीतरी समजावून सांगितलेलं असलं पाहिजे. जन्मठेप किंवा फाशीची शिक्षा असलेल्या गुन्ह्यात नव्वद दिवसांत आरोपपत्र गेलं नाही तर जामीन हा आरोपीचा हक्क होतो, म्हणून त्या नव्वद दिवसांवर घरच्यांनी आणि वकिलानं लक्ष ठेवायचं. जामिनाच्या सुनावणीत मेलेल्याच्या घरच्यांनाही बाजू मांडता येते; लखीमपूर खिरी प्रकरणात सर्वोच्च न्यायालयानं १८ एप्रिल २०२२ रोजी पीडितांचा हा हक्क स्पष्ट केला. सरकारी वकिलामार्फत, नाहीतर स्वतःच्या वकिलाकडून, आरोपीला तालुक्यात येण्यास मनाई असावी, साक्षीदारांशी त्यानं संपर्क करू नये, अशा अटी मागता येतात. अट मोडली, धमकी आली, तर तारीख, वेळ, ठिकाण लिहून ठेवायचं, ठाण्यात लेखी अर्ज देऊन पोच घ्यायची आणि जामीन रद्द करण्याचा अर्ज त्याच कोर्टात टाकायचा.